जीएम पिके: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

या विषयावर बोलणे निघाले की पहिला प्रश्न हमखास ताटाचा असतो: खाल्ले तर काही होणार नाही ना? शेताबद्दल क्वचितच कोणी विचारते. माझ्या मते गल्लत इथेच होते. जीएम पिकांनी गेल्या तीस वर्षांत जी खरी डोकेदुखी दिली ती बहुतेक सगळी बांधाच्या आत घडली, आणि घबराट मात्र स्वयंपाकघरात पसरली. म्हणून खाली ताटाचे प्रश्न थोडक्यात आणि शेताचे जरा सावकाश घेतले आहेत.

जीएम पीक म्हणजे नेमके काय?

ज्या पिकाच्या जनुकसंचात प्रयोगशाळेतल्या तंत्राने जनुक बसवले आहे, ते जनुकीय सुधारित म्हणजे जीएम पीक. हे जनुक बहुधा दुसऱ्याच कुठल्यातरी जीवाचे असते. जनुक म्हणजे एखादे प्रथिन कसे बनवायचे याची लिहून ठेवलेली कृती. जिवाणूची कृती कपाशीत घातली की कपाशीची पेशी ते प्रथिन बनवू लागते. कृती मुळात कोणाची होती याच्याशी तिला देणेघेणे नसते.

जगात जीएमखाली असलेले बहुतेक क्षेत्र सोयाबीन, मका, कापूस आणि कॅनोला (मोहरीच्या कुळातले तेलबियांचे पीक) या चारच पिकांचे आहे. गुणधर्मही मुख्यतः दोनच: अळीला मारणे आणि तणनाशक सोसणे. चर्चेत ज्या अद्भुत पिकांची नावे येतात, त्यातली फारच थोडी प्रत्यक्ष शेतात आहेत.

संकरित बियाणे म्हणजे जीएम का?

नाही. एकाच पिकाच्या दोन वाणांचा परागसंकर करून संकरित बियाणे होते. एखादे बियाणे संकरितही आणि जीएमही असू शकते, भारतातली बीटी कपाशी (अळी मारणारे जनुक घातलेली) तशी आहे. पण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि त्यांची सरमिसळ पुढे फार महागात पडते.

जनुक आत घालतात कसे? इंजेक्शन देतात का?

टोमॅटोत सुई खुपसलेले ते चित्र सगळ्यांनी पाहिलेले असते. तसे काही होत नाही.

मातीत ॲग्रोबॅक्टेरियम नावाचा एक जिवाणू राहतो. झाडाच्या बुंध्यापाशी कधीकधी ओबडधोबड गाठ दिसते, ती याची करामत. झाडाला जखम झाली की हा आत शिरतो आणि आपल्या डीएनएचा एक तुकडा झाडाच्या पेशीत सोडतो. मग झाड त्याच्यासाठी गाठही वाढवते आणि आतले अन्नही शिजवते. म्हणजे जनुके इकडून तिकडे नेण्याचा हा धंदा जिवाणू आधीपासूनच करत होता. शास्त्रज्ञांनी त्या तुकड्यातली गाठ करणारी जनुके काढून तिथे हवे ते जनुक बसवले. १९८३ मध्ये अशा रीतीने तंबाखूसारख्या वनस्पतींत परके जनुक घातल्याचे जाहीर झाले. दुसरी रीत जनुक-बंदुकीची. कॉर्नेल विद्यापीठात जॉन सॅनफर्ड यांच्या गटाने धातूच्या अतिसूक्ष्म कणांना डीएनएचा लेप देऊन ते पेशींवर डागले. सुरुवातीचे नेम कांद्याच्या पापुद्र्यावर धरले होते.

दोन्ही रीतींत बहुतेक पेशी जनुक घेत नाहीत. ज्या घेतात त्यांच्यातही ते कुठे जाऊन बसेल याचा नेम नसतो. म्हणून ऊती संवर्धनाने शेकडो रोपे वाढवायची, तपासायची, बहुतेक टाकून द्यायची आणि एखादे चांगले निघालेले घेऊन त्याचा पुढे चालू वाणांशी संकर करत राहायचे. कामाचा मोठा वाटा या निवडण्या-टाकण्याचाच असतो.

हे निसर्गात होत नाही, मग अनैसर्गिक नाही का?

२०१५ मध्ये एक मजेशीर गोष्ट समोर आली: लागवडीच्या रताळ्यांत ॲग्रोबॅक्टेरियमची जनुके आहेत, आणि ती माणसाने घातलेली नाहीत. तेव्हा 'निसर्गात होतच नाही' हे खरे नाही.

पण उलट बाजूची 'शेतकरी हजारो वर्षे हेच तर करत आलेत' ही सबबही मला पटत नाही. शेतकऱ्याने कधी कपाशीचा आणि जिवाणूचा संकर केला नव्हता. नवे आहे ते नवेच म्हणावे. फक्त नवे म्हणजे घातक आणि जुने म्हणजे निर्धोक हा हिशेब टिकत नाही. बियांवर गॅमा किरणे सोडून जनुकसंचात वाटेल तशी उलथापालथ घडवायची आणि त्यातून चांगले निघेल ते निवडायचे, या पद्धतीने जगात तीन हजारांहून जास्त वाण झाले आहेत. त्यांना सहसा जीएमचे नियम लागत नाहीत. आणि साध्या संकरातून आलेला लेनापे बटाटा अमेरिकेत बाजारातून परत घ्यावा लागला, कारण त्यात सोलॅनिन हे बटाट्याचे स्वतःचेच विष जास्त निघाले. धोका पद्धतीत कमी आणि हाती आलेल्या वाणात जास्त असतो.

बीटीने अळी मरते, मग माणसाला काहीच कसे होत नाही?

बीटी म्हणजे बॅसिलस थुरिंजिएन्सिस. जपानमध्ये १९०१ साली रेशमाचे किडे मरू लागले तेव्हा इशिवाता यांना हा जिवाणू सापडला. १९११ मध्ये जर्मनीत बर्लिनर यांना तो पिठातल्या पतंगाच्या अळीत दिसला आणि थुरिंजिया प्रांतावरून त्याला नाव मिळाले. हा जिवाणू प्रथिनाचे स्फटिक बनवतो.

आता अळीच्या पोटात जाऊन पाहू. पतंगवर्गीय अळीचे आतडे आम्लधर्मी नसते, चांगलेच अल्कधर्मी असते. तिथे स्फटिक विरघळतो. अळीचीच पाचके त्या प्रथिनाचे टोक कापतात आणि ते कामाला लागते. आतड्याच्या पेशींवर ठरावीक ग्राही असतात. कुलपात किल्ली बसावी तसे प्रथिन त्यांना चिकटते आणि पेशीच्या आवरणाला भोके पाडते. पेशी पाणी ओढून फुगतात, फुटतात. अळी काही तासांत खाणे सोडते आणि दोन-चार दिवसांत मरते.

माणसाच्या जठरात आम्ल असते. तिथे हे प्रथिन इतर प्रथिनांसारखे पचून जाते, आणि आपल्या आतड्यांत ते कुलूपच नाही. सेंद्रिय शेतीतही याच जिवाणूची फवारणी चालते. मात्र फरक लक्षात ठेवा: फवारलेले बीटी उन्हापावसात काही दिवसांत निष्प्रभ होते, झाडात घातलेले बीटी हंगामभर अळीच्या तोंडी असते. माणसाला या फरकाने काही होत नाही. अळीच्या पिढ्यांना मात्र होते, आणि ती कथा खाली आहे.

जीएम अन्न खाल्ल्याने आपली जनुके बदलतात का?

नाही. आपण रोज पालेभाजीची, डाळीची, मांसाची जनुके खातो. ती पचतात.

मग सुरक्षित असल्याचा पुरावा काय?

अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीने २०१६ मध्ये ९०० हून अधिक संशोधने तपासून अहवाल दिला. बाजारात असलेली जीएम पिके माणसाच्या आरोग्याला नेहमीच्या पिकांपेक्षा जास्त धोकादायक असल्याचा भक्कम पुरावा मिळाला नाही, असा त्याचा निष्कर्ष होता. यातला 'बाजारात असलेली' हा शब्दप्रयोग महत्त्वाचा. पुढे येणाऱ्या प्रत्येक पिकाला हे प्रमाणपत्र आपोआप लागू होत नाही.

याचे चांगले उदाहरण सोयाबीनचे. पशुखाद्य सकस व्हावे म्हणून एका कंपनीने सोयाबीनमध्ये ब्राझील नट या कवचफळाचे जनुक घातले. ब्राझील नटची ॲलर्जी असलेल्यांच्या रक्तद्रवावर तपासणी केली तेव्हा नेमके ॲलर्जी आणणारे प्रथिनच सोयाबीनमध्ये गेल्याचे दिसले. काम तिथेच थांबले. १९९६ मध्ये हे प्रसिद्धही झाले. विरोधक ही कथा 'बघा, जीएम किती घातक' म्हणून सांगतात, समर्थक 'बघा, तपासणी किती चोख' म्हणून. मला दोन्ही खरे वाटते: धोका होता, आणि तपासले म्हणून सापडला. परवानगीसाठीच्या बऱ्याच चाचण्या ज्याचे बियाणे त्याच कंपनीच्या पैशाने होतात, ही तक्रार मात्र मला रास्त वाटते.

उंदरांना झालेल्या मोठ्या गाठींचे फोटो खोटे आहेत का?

फोटो खरे, अर्थ चुकीचा. फ्रान्सच्या सेरालिनी यांचा जीएम मक्यावरचा तो अभ्यास २०१२ मध्ये आला, २०१३ मध्ये नियतकालिकाने मागे घेतला आणि २०१४ मध्ये दुसरीकडे पुन्हा छापला गेला. वापरलेल्या स्प्रॅग-डॉली जातीच्या उंदरांना म्हातारपणी काहीही खायला घातले तरी गाठी होतात. दोन वर्षे चाललेल्या प्रयोगात एका गटात दहाच उंदीर; एवढ्यांत योगायोग आणि परिणाम वेगळे ओळखता येत नाहीत. शिवाय साधा मका खाणाऱ्या उंदरांनाही गाठी होत्याच. त्यांचे फोटो तेवढे छापले नव्हते.

तणनाशक सोसणारी पिके काय प्रकार आहे?

माझ्या मते सगळ्यात कमी बोलले जाणारे आणि सगळ्यात जास्त परिणाम करणारे जीएम हेच. ग्लायफोसेट हे तणनाशक वनस्पतींच्या एका विकराला (एन्झाइमला) जखडून टाकते आणि समोर येईल ते हिरवे मारते. ज्या जिवाणूचा विकर त्याला दाद देत नाही तो कुठे मिळाला, तर ग्लायफोसेट बनवणाऱ्या कारखान्याच्या सांडपाण्यात! त्याचे जनुक सोयाबीनमध्ये घातले आणि १९९६ पासून अमेरिकेत शेतकरी उभ्या पिकावर फवारू लागले. पीक राहते, तण जळते. निंदणी नाही, नांगरट कमी. मातीची धूप कमी होण्यासही याने हातभार लागला, हे प्रामाणिकपणे सांगायला हवे.

मग वर्षानुवर्षे तेच पीक, तेच औषध. राजगिऱ्याच्या कुळातले पामर नावाचे तण आहे, एका झाडाला लाखांनी बी धरते. त्याने वेगळीच युक्ती काढली: ग्लायफोसेट ज्या विकराला जखडते त्याच्या जनुकाच्या प्रती वाढवत नेल्या, काही झाडांत शंभराच्या वर. किती जखडणार? मग डायकॅम्बासारखी औषधे सोसणारी पिके आली, ते औषध वाऱ्याने शेजारच्या शेतात जाऊ लागले आणि शेजाऱ्यांची भांडणे कोर्टात गेली.

ग्लायफोसेटने कर्करोग होतो का, यावर संस्थांत मतभेद आहेत. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्ये ते 'बहुधा कर्ककारक' गटात टाकले. युरोप आणि अमेरिकेच्या नियामक संस्थांनी नेहमीच्या वापरात तसे संभवत नाही असे म्हटले. पहिली संस्था एखाद्या पदार्थात घातक गुण आहे का ते पाहते, दुसऱ्या किती मात्रेला किती धोका ते पाहतात. फवारणाऱ्या मजुराच्या अंगावर पडणारी मात्रा आणि खाणाऱ्याच्या पोटात जाणारी मात्रा यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे, हे वादात सहसा कोणी बोलत नाही.

फुलपाखरे मरतात म्हणतात, ते?

१९९९ मध्ये प्रयोगशाळेत मोनार्क फुलपाखराच्या अळ्यांना बीटी मक्याचे पराग लावलेली पाने दिली, तेव्हा त्या मेल्या. २००१ मध्ये प्रत्यक्ष शेतात मोजमाप झाले, तेव्हा परागांचा धोका नगण्य निघाला. पण मोनार्कच्या अळ्या रुईच्या कुळातल्या ज्या झाडावर जगतात, ते झाड मक्या-सोयाबीनच्या शेतांतून ग्लायफोसेटने जवळपास नाहीसे केले. ओरड एका जीएमची झाली, झळ दुसऱ्याने पोचवली.

बीटी कपाशी होती, मग गुलाबी बोंडअळी परत कशी आली?

एकच किडा, एकच जनुक आणि दोन देशांत दोन टोके, असा हा धडा आहे.

गुलाबी बोंडअळीचा पतंग पात्यांवर, फुलांवर, कोवळ्या बोंडांवर अंडी घालतो. फुलात शिरलेली अळी पाकळ्या आतून रेशमासारख्या धाग्याने जखडते. फूल उमलतच नाही, गुलाबाच्या कळीसारखे मिटून राहते. शेतकरी त्याला डोमकळी म्हणतात. बोंडात शिरली की मागचे छिद्र बुजते. बाहेरून बोंड चांगले दिसते, फोडले की आत सरकी पोखरलेली आणि रुई डागाळलेली. फवारा तिथे पोचत नाही. म्हणून झाडातच विष असणे हा या किडीवर खरोखर नामी उपाय होता.

पण लाखो अळ्यांत एखादी बीटी पचवणारी निघतेच. असे दोन वाचलेले पतंग एकमेकांना भेटले तर त्यांची पिल्ले तशीच होणार. म्हणून शेताच्या कडेला बिगर-बीटी कपाशीचा आश्रय पट्टा लावायचा. तिथे साध्या अळ्या मजेत वाढतात, त्यांचे पतंग वाचलेल्यांशी जोड्या लावतात आणि बहुतेक पिल्ले पुन्हा बीटीने मरणारी निपजतात. किडीला थोडे खाऊ द्यायचे, म्हणजे औषध टिकते. सांगायला सोपे आहे, पण स्वतःच्या दोन एकरांत किडीसाठी वाटा सोडायला कोणाचे मन धजेल?

अमेरिकेत १९९६ पासून बीटी कपाशी आहे. तिथे आश्रय पट्टे पाळले गेले, नंतर वांझ केलेले पतंग विमानातून सोडले आणि २०१८ मध्ये देशातून गुलाबी बोंडअळी संपल्याचे जाहीर झाले.

भारतात बीटी कपाशीला २००२ मध्ये मंजुरी मिळाली. ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅम बिगर-बीटी बियाण्याची पुडी यायची. ती बहुतेक ठिकाणी बांधावर फेकली गेली किंवा लावलीच नाही. त्यात इथले बियाणे संकरित. संकरित झाडाच्या बोंडात सगळ्या सरक्यांत बीटी सारखे नसते, काहींत मुळीच नसते. अळीला जणू थोडे थोडे विष चाखत सराव करायला मिळाला. शिवाय लांब मुदतीचे वाण, आणि पावसाळ्यात लावलेली कपाशी उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत फरदड म्हणून राखलेली, म्हणजे किडीच्या आणखी पिढ्यांची सोय. पहिल्या जनुकाला दाद न देणारी अळी २०१० च्या सुमारास गुजरातेत नोंदली गेली. दोन जनुकांचे वाण २००६ मध्येच आले होते, तेही पुढे निकामी ठरले, आणि २०१७ च्या हंगामात महाराष्ट्रात बोंडेच्या बोंडे किडली.

चीनमध्ये आणखी वेगळे घडले. तिथे बऱ्याच शेतकऱ्यांनी बीटी संकराच्या दुसऱ्या पिढीचे स्वस्त बियाणे लावले. त्यात सुमारे चौथा हिस्सा झाडे आपोआप बिगर-बीटी निघतात, म्हणजे आश्रय पट्टा शेतभर विखुरलेला, शिस्तीची गरजच नाही. तिथे अळीची प्रतिकारशक्ती उलट घटलेली दिसली. बियाणे कोणत्या स्वरूपात द्यायचे या एका निर्णयावर तंत्रज्ञानाचे आयुष्य ठरते. भारतात सरळ वाणांऐवजी संकरितच का आले? संकरिताचे बी घरी राखून चालत नाही, दरवर्षी विकत घ्यावे लागते. कारण शोधायला फार लांब जावे लागत नाही.

जीएममुळे उत्पादन वाढते का?

बीटी उत्पादन वाढवत नाही, होणारे नुकसान वाचवते. जिथे कीड जास्त आणि फवारणीची सोय कमी, तिथे हे वाचवणेच मोठे असते. क्लुम्पर आणि काईम यांनी २०१४ मध्ये १४७ अभ्यास एकत्र केले, तेव्हा सरासरी उत्पादन २२ टक्क्यांनी जास्त आणि कीडनाशकांचा वापर ३७ टक्क्यांनी कमी निघाला. पण वर सांगितलेल्या २०१६ च्या अहवालात अमेरिकेतल्या देशपातळीच्या आकडेवारीत उत्पादनवाढीचा वेग जीएममुळे बदलल्याचे दिसले नाही. प्रश्न विचारताना 'कुठे आणि किती वर्षे' हे जोडल्याशिवाय उत्तराला अर्थ नाही.

टर्मिनेटर बियाणे खरेच विकतात का?

नाही. बी वांझ करणाऱ्या त्या तंत्राचे पेटंट १९९८ मध्ये अमेरिकेत मिळाले. ते बाजारात कधीच आले नाही. बियाणे दरवर्षी घ्यावे लागते ते संकरितपणामुळे किंवा पेटंटमुळे. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये बोमन खटल्यात पेटंट असलेल्या सोयाबीनचे बी राखून पेरायला मनाई केली. भारताच्या २००१ च्या कायद्यात शेतकऱ्याला बी राखण्याचा, पेरण्याचा, वाटण्याचा हक्क आहे, फक्त ब्रँडच्या नावाने विकता येत नाही.

हे सगळे कंपन्यांसाठीच आहे का?

बरेचसे, पण सगळे नाही. हवाईत वलय-ठिपके विषाणूने पपईच्या बागा बसल्या होत्या. डेनिस गोन्साल्विस आणि सहकाऱ्यांनी विषाणूच्याच आवरणाचे जनुक पपईत घातले आणि १९९८ मध्ये बी शेतकऱ्यांना फुकट वाटले. तो धंदा तगला. बांगलादेशात २०१३ मध्ये बीटी वांग्याला मंजुरी मिळाली, पहिल्या वर्षी वीस शेतकऱ्यांनी ते लावले. ते सरळ वाण आहेत, बी घरी राखता येते. मूळ तंत्र ज्या भारतात तयार झाले, तिथे त्याच वांग्यावर २०१० पासून स्थगिती आहे.

सोनेरी तांदळाचे काय झाले?

पोट्रिकस आणि बेयर यांनी २००० मध्ये तो जाहीर केला. भातात डॅफोडिल फुलाचे जनुक घालून दाण्यात बीटा-कॅरोटीन (ज्यापासून शरीर अ जीवनसत्त्व बनवते) आणले, पण ते फारच थोडे होते. २००५ मध्ये मक्याचे जनुक वापरल्यावर ते २३ पटींपर्यंत वाढले. म्हणजे 'विरोधकांमुळे वीस वर्षे गेली' हे अर्धेच खरे. सुरुवातीची वर्षे तांदूळच तयार नव्हता. चीनमधल्या मुलांवरचा एक अभ्यास पालकांच्या संमतीची कागदपत्रे नीट नसल्याने मागे घ्यावा लागला, त्याने विश्वास आणखी गेला. फिलिपिन्सने २०२१ मध्ये लागवडीला परवानगी दिली, २०२४ मध्ये तिथल्या न्यायालयाने ती रद्द केली.

पराग उडून शेजारच्या शेतात गेले तर?

पिकावर अवलंबून आहे. भात, सोयाबीन बहुतांशी स्वपरागित, कॅनोला आणि मका मात्र उधळे. पण सगळ्यात मोठा फटका परागांपेक्षा पोत्यांच्या सरमिसळीने बसला आहे. २००६ मध्ये अमेरिकेच्या तांदळात परवानगी नसलेल्या जीएम वाणाचा अंश सापडला, निर्यात कोसळली आणि कंपनीने शेतकऱ्यांना ७५ कोटी डॉलरपर्यंत भरपाई कबूल केली. कोणी आजारी पडले नाही, तरी शेतकऱ्याचे नुकसान खरे होते.

क्रिस्पर म्हणजे जीएमच ना?

देशागणिक उत्तर बदलते. क्रिस्पर या जनुक-संपादनाच्या तंत्राने बाहेरचे काही न घालता आहे त्याच जनुकात कापाकापी करता येते. युरोपच्या न्यायालयाने २०१८ मध्ये त्याला जीएमच मानले. जपानमध्ये असा टोमॅटो २०२१ पासून विकला जातो. भारताने २०२२ मध्ये परके जनुक नसलेल्या वाणांना जीएमच्या कडक नियमांतून सूट दिली आणि २०२५ मध्ये भाताचे असे दोन वाण जाहीर केले.

पाकिटावर 'जीएम' लिहायला हवे का?

हवे, असे मला वाटते. आरोग्यासाठी नसले तरी आपण कोणत्या शेतीला पैसे देतो हे जाणून घ्यायचा हक्क म्हणून. पण लेबल फार थोडे सांगते. अळी मारणारा मका, तणनाशक सोसणारे सोयाबीन आणि कापल्यावर काळे न पडणारे सफरचंद, तिघांवर एकच शिक्का. 'जीएममुक्त' लिहिलेले मीठही विकले जाते. मिठात जनुकेच नसतात.